पोर्क आणि कोबी ओव्हनमध्ये भाजताना या चुका टाळा

कोल्हापूरच्या घरांमध्ये मटण शिजवण्याचे ज्ञान हातात मुरलेले असते. तुकडा बोटांनी दाबून मटण शिजले की नाही ते सांगणारी माणसे घरोघरी आहेत, आणि आधी अळणी करून, म्हणजे मटण पाण्यात उकडून, त्याच पाण्याचा पांढरा रस्सा व मसाला परतून तांबडा रस्सा करण्याची रीत कोणाला शिकवावी लागत नाही. अडचण अशी की पोर्क पहिल्यांदा घरात येते तेव्हा हाच सराव नकळत त्यालाही लावला जातो. पोर्क आणि कोबी ओव्हनमध्ये एकत्र भाजणे हा मध्य आणि पूर्व युरोपातील घरांमध्ये थंडीत होणारा अगदी साधा पदार्थ आहे, आणि त्याला लागणाऱ्या वस्तूही मोजक्याच आहेत : मांस, कोबी, कांदा, लसूण, मीठ, मिरे आणि थोडासा आंबटपणा. तरीही तो आपल्याकडे बिघडतो, कारण मांस आणि कोबी हे दोन्ही पदार्थ आपापले पाणी बरोबर घेऊन येतात आणि पोर्क शिवाय स्वतःची चरबीही आणते. आपण मात्र सवयीने वरून आणखी पाणी व तेल घालतो.

तीन वर्षांपूर्वीच्या डिसेंबरात मी हा पदार्थ प्रथम केला, तेव्हा भाजीसाठी चिरतो तसा बारीक चिरलेला कोबी, त्यावर कमरेच्या भागाच्या जाड चकत्या, एक वाटी पाणी आणि वरून घट्ट फॉइल अशी मांडणी करून ट्रे दीड तास आत ठेवला होता. फॉइल उघडल्यावर करड्या रंगाच्या पाण्यात पांढुरका पडलेला कोबी तरंगत होता, स्वयंपाकघरभर उग्र गंधकी वास पसरला होता आणि चकत्यांचा चोथा झाला होता. त्या एका ट्रेमध्ये किमान चार चुका होत्या, आणि पुढील मजकूर बहुतांशी त्यांच्याविषयीच आहे.

मांस कोणत्या भागाचे आहे, हे न विचारणे

सर्वांत मोठी चूक स्वयंपाकघरात नव्हे, तर दुकानात होते. कोल्हापुरात पोर्क प्रत्येक मटणाच्या दुकानात मिळत नाही. ते ओळखीच्या विक्रेत्याकडून किंवा गोठवलेल्या मांसाच्या दुकानातून आणावे लागते, आणि त्यामुळे जे मिळेल ते घ्यावे अशी वृत्ती होते. मात्र खांद्याचे मांस आणि कमरेचे मांस यांचा स्वभाव परस्परविरुद्ध आहे. खांद्याच्या स्नायूंना जनावराच्या आयुष्यभर काम असते, म्हणून त्यात जोडऊती, म्हणजे स्नायूंना बांधून ठेवणारा चिवट भाग, भरपूर असते. ती सुमारे 70 अंश सेल्सियसच्या पुढे हळूहळू विरघळून जिलेटिन बनते, आणि मांसाच्या गाभ्याचे तापमान 90 अंशांच्या आसपास पोहोचून तिथे काही काळ राहिले, की तुकडा काट्याच्या टोकाने सुटतो. कमरेच्या मांसात ही ऊती फारशी नसते. ते 63 अंशांना शिजून तयार होते, आणि तिथून पुढे प्रत्येक मिनिटाला फक्त कोरडे होत जाते.

कोबीबरोबर दोन तास भाजायचे असेल, तर खांदाच घ्यावा. चार माणसांसाठी हाडाविना 800 ग्रॅम मांस पुरते. त्याचे साधारण 4 सेंटिमीटरचे तुकडे करून घ्यावेत आणि चरबी सगळी काढून टाकू नये, कारण तीच पुढे कोबीला लागणार आहे. कमरेच्या चकत्याच मिळाल्या, तर कोबी वेगळा भाजून घ्यावा आणि चकत्या तव्यावर दोन्ही बाजूंनी खरपूस करून शेवटच्या 10 ते 12 मिनिटांसाठीच ट्रेमध्ये ठेवाव्यात.

याच ठिकाणी एक गैरसमज अनेकांना फसवतो. तासाभराने खांद्याचा तुकडा चावून पाहिला की तो रबरासारखा लागतो, आणि मांस जास्त शिजून आकडले असे समजून ट्रे बाहेर काढला जातो. वस्तुस्थिती नेमकी उलटी असते. स्नायूंचे तंतू आवळून झालेले असतात, परंतु जोडऊती अद्याप विरघळलेली नसते; म्हणजे मांसाला आणखी वेळ हवा असतो. अशा वेळी ट्रे झाकून 160 अंशांवर आणखी अर्धा तास ठेवावा आणि पुन्हा पाहावे. मटणाच्या बाबतीत हा संयम आपल्याला ठाऊक असतो, पण तिथे कुकरच्या शिट्ट्या आपल्या वतीने वाट पाहतात.

कुकरचा विषय निघाला म्हणून सांगतो : पोर्क आधी कुकरमध्ये उकडून मग ओव्हनमध्ये घालण्याचा मोह टाळावा. उकडताना मांसाची चव पाण्यात उतरते, पृष्ठभाग ओला राहतो आणि नंतर त्यावर तांबूस रंग येत नाही. अळणीची पद्धत रस्सा करायचा असतो तेव्हा योग्यच आहे, कारण तिथे ते पाणीच आपल्याला हवे असते. इथे रस्सा नाही.

वास, जंत आणि अनाठायी भीती

काही वेळा मांस ताजे असूनही तापल्यावर घामासारखा किंवा गोठ्यासारखा वास येतो. खच्चीकरण न केलेल्या वयात आलेल्या नराच्या चरबीत अशी द्रव्ये साठतात, आणि हळद, आले-लसूण किंवा व्हिनेगर लावून हा वास जात नाही. मांस घरी आणल्यावर चरबीचा छोटासा तुकडा तव्यावर वितळवून पाहावा. वास आलाच, तर ते मांस या साध्या पदार्थासाठी वापरू नये.

जंतांविषयी स्पष्ट लिहिणे मला आवश्यक वाटते, कारण पोर्क आणि कोबी या दोन्ही गोष्टींविषयी आपल्याकडे एकच भीती बोलली जाते : ‘त्यातली अळी मेंदूत जाते.’ कोबीच्या पानांवर दिसणारी हिरवी अळी मेंदूत जात नाही. ज्या फितीसारख्या जंताविषयी ही भीती आहे, त्याच्या पिशव्या कच्च्या राहिलेल्या पोर्कमधून पोटात गेल्या तर आतड्यात जंत वाढतो. मेंदूचा आजार मात्र त्या जंताची अंडी पोटात गेल्याने होतो, आणि ही अंडी जंत झालेल्या माणसाच्या विष्ठेतून माती, पाणी, हात व न धुतलेल्या भाज्या यांच्यापर्यंत पोहोचतात. म्हणून दोन्ही बाजूंनी काळजी घ्यावी. मांसात पांढुरक्या, पाणी भरलेल्या बारीक पुटकुळ्या दिसल्या तर ते परत करावे आणि मांस आतपर्यंत शिजवावे. खांदा 90 अंशांपर्यंत जातो, तेव्हा हा प्रश्न उरतच नाही. कोबीची बाहेरची दोन-तीन पाने काढून टाकावीत, गड्डा चिरून वाहत्या पाण्याखाली धुवावा, आणि कच्च्या मांसासाठी वापरलेली चिरण्याची फळी व सुरी कोबीला लावू नये.

गोठवलेले मांस ओट्यावर ठेवून वितळवणे हीदेखील नेहमीची चूक आहे. एप्रिलमधल्या कोल्हापुरात बाहेरचा थर तासाभरात कोमट होतो, तेव्हा आत अजून बर्फच असतो. एक किलोच्या पाकिटाला फ्रिजच्या खालच्या कप्प्यात जवळजवळ एक दिवस लागतो, तेवढा द्यावा. वितळल्यावर सुटलेले पाणी टाकून द्यावे आणि प्रत्येक तुकडा स्वच्छ कापडाने किंवा कागदी रुमालाने कोरडा करावा.

कोबीचे पाणी

कोबीत नव्वद टक्क्यांहून अधिक पाणी असते. एक किलोचा गड्डा ट्रेमध्ये घातला, तर जवळपास चार मोठे पेले पाणी आपण आत ठेवत असतो, हे लक्षात घेतले की वरून वाटीभर पाणी घालण्याची इच्छा आपोआप मावळते. कोबी बारीक चिरला तर त्याच्या असंख्य कडांमधून हे पाणी एकदम सुटते आणि मांस भाजण्याऐवजी उकडते. म्हणून गड्ड्याच्या आठ पाचरी कराव्यात, आणि प्रत्येक पाचरीला मधल्या टणक दांड्याचा तुकडा राहू द्यावा, कारण तोच पाने एकत्र धरून ठेवतो. भाजीसाठी आपण दांडा काढून टाकतो. इथे तो काढला की तासाभरात ट्रेमध्ये सुटी पाने पसरतात.

कपिलतीर्थच्या मंडईत थंडीच्या दिवसांत येणारा घट्ट, हातात घेतल्यावर आकाराच्या मानाने जड वाटणारा गड्डा या पदार्थाला उत्तम. हलका, पोकळ गड्डा पटकन मऊ पडतो. धुतल्यानंतर पाचरी चाळणीत उभ्या ठेवून किमान अर्धा तास निथळू द्याव्यात. पानांच्या पदरात अडकलेले पाणी सहजासहजी निघत नाही.

कोबी मांसाबरोबर सुरुवातीलाच घालणे ही माझ्या मते कोबीची सर्वांत वाईट हेळसांड आहे. कोबी जितका जास्त वेळ ओल्या वाफेत राहतो, तितकी त्यातून गंधकाची उग्र संयुगे सुटतात आणि घरभर तो वास पसरतो. खांद्याला दोन तास लागतात आणि कोबीला पाऊण तास पुरेसा होतो, म्हणून दोघांना वेगवेगळ्या वेळी आत घालावे. क्रम असा ठेवावा : मांसाला 10 ग्रॅम मीठ, म्हणजे दोन सपाट चहाच्या चमच्यांना जरा कमी, आणि भरडलेले मिरे व जिरे लावून, दोन मोठे कांदे व आठ-दहा लसूण पाकळ्यांसह ते झाकून 160 अंशांवर दीड तास ठेवावे. मग झाकण काढून, सुटलेल्या चरबीत पाचरी घोळवून कापलेली बाजू वर येईल अशा मांडाव्यात, त्यांच्यावर त्याच वेळी चिमूटभर मीठ टाकावे आणि तापमान 200 अंश करून 40 मिनिटे उघडेच भाजावे. निम्म्या वेळेनंतर तळाची चरबी चमच्याने पाचरींवर घालावी. पाचरींच्या कडा तपकिरी होऊन कुरकुरीत व्हायला लागतात, पानांचे आतले पदर पारदर्शक दिसतात आणि दांड्यात सुरी किंचित अडखळत शिरते, तेव्हा कोबी झाला असे समजावे.

तेलाविषयी स्वतंत्र परिच्छेदाची गरज नाही. तांबड्या रश्श्यावर कट यावा म्हणून आपण सढळ हाताने तेल घालतो. खांद्याच्या चरबीला ते अजिबात लागत नाही.

मसाला, गूळ आणि आंबट

कांदा-लसूण मसाला वापरू नये असे मी म्हणणार नाही, कारण पोर्कच्या चरबीला तो फार सुंदर लागतो. मात्र तो वरून भुरभुरून 200 अंशांवर ठेवला, तर दहा-पंधरा मिनिटांत मिरची व लसूण करपून कडवट होतात. एक चहाचा चमचा मसाला मांसाला लावून पहिल्या, झाकलेल्या टप्प्यातच घालावा, आणि त्यात मीठ असते हे लक्षात ठेवून वर सांगितलेले मीठ थोडे कमी करावे. कोल्हापुरी गुळाचा लहान खडा या पदार्थात मांस आणि कोबी दोघांनाही मानवतो, पण तो शेवटच्या दहा मिनिटांत, चमचाभर रसात विरघळवूनच घालावा. आधी घातला तर ट्रेला चिकटून काळा पडतो. आंबटपणासाठी दोन चमचे व्हिनेगर, शक्यतो गोव्याकडून येणारे माडाचे, किंवा भाजून झाल्यावर लिंबू. व्हिनेगर घालणार असाल तर ॲल्युमिनियमचा ट्रे वापरू नका, स्टीलचा किंवा काचेचा घ्या. आणि काचेचे भांडे फ्रिजमधून थेट तापलेल्या ओव्हनमध्ये ठेवू नका, ते तडकते.

ओव्हनच्या आकड्यावर आंधळा विश्वास

घरगुती ओटीजीची, म्हणजे विजेच्या छोट्या ओव्हनची, कळ 200 वर असली, म्हणजे आत 200 अंश आहेत असे नसते. ओव्हनमध्ये ठेवायचा साधा तापमापक घेतल्यावर माझ्या ओटीजीत 25 अंशांचा फरक आढळला, आणि माझे अनेक फसलेले पदार्थ मला एका क्षणात समजले. विजेचा दाब कमी असेल तर आणखी विलंब होतो : 230 व्होल्टऐवजी 200 व्होल्ट मिळत असतील, तर रॉडची उष्णता सुमारे तीन चतुर्थांशच राहते. तेव्हा प्रीहीट करायला दहा मिनिटांऐवजी वीस मिनिटे द्यावीत. 1500 वॅटचा ओटीजी साडेसहा अँपियरच्या आसपास वीज ओढतो, म्हणून तो दोन तास चालवायचा असेल तर मोठ्या पिनच्या, 16 अँपियरच्या सॉकेटलाच लावावा. पहिल्या टप्प्यात दोन्ही रॉड चालू ठेवून ट्रे मधल्या खाचेत ठेवावा, आणि दर पाच मिनिटांनी दार उघडून पाहू नये.

बिघडलेच तर

ट्रेमध्ये पाणी साचले असेल, तर ते सगळे कढईत ओतून मोठ्या आचेवर आटवावे. पाणी काढल्यावर ट्रे मांस-कोबीसह वरच्या खाचेत, 220 अंशांवर, पंधरा मिनिटे उघडा ठेवावा आणि आटवलेला दाट रस वाढताना वरून घालावा. पदार्थ बहुतेक वेळा वाचतो. कोबी वरून काळा आणि आतून कच्चा राहिला, तर काळी पाने काढून, दोन चमचे पाण्याचा हबका मारून फॉइलखाली दहा मिनिटे ठेवावा. खारट झाले तर बटाटा मीठ ‘शोषून घेतो’ या समजुतीवर विसंबू नये. बटाट्याच्या किंवा कोबीच्या बिनमिठाच्या भाजलेल्या फोडी मिसळल्या, तर तेच मीठ अधिक अन्नात विभागले जाते, आणि उपयोग होतो तो एवढ्यामुळेच. कमरेच्या चकत्या कोरड्या झाल्या असतील तर त्या पूर्ववत होत नाहीत. त्या पातळ कापून गरम रसात बुडवून वाढाव्यात.

भाजून झाल्यावर ट्रे बाहेर काढून दहा मिनिटे तसाच ठेवावा, म्हणजे रस मांसात स्थिरावतो. उरलेले दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जावे. दुसऱ्या दिवशी वरची चरबी गोठून पांढरी झालेली असते. त्यातली चमचाभर कढईत घेऊन मांस-कोबी त्यात वाफ येईपर्यंत परतावा आणि ज्वारीच्या गरम भाकरीबरोबर खावा.