मोठं स्वप्न, कच्चं गणित: घरगुती मसाल्याचा धंदा दहापट करताना या चुका टाळा

मोठा विचार करा, असं सांगणारे गल्लोगल्ली भेटतात. तो कागदावर कसा उतरवायचा, हे सांगणारे कमी. म्हणून इथे एकच उदाहरण धरू. गोडा मसाल्याचा घरगुती धंदा आहे, महिन्याला लाखभराची विक्री आहे आणि दोन वर्षांत ती दहा लाखांवर न्यायची आहे. लोणची, पापड, कांदा-लसूण चटणी किंवा बेकरी असेल तर आकडे बदलतील, चुका साधारण याच राहतील.

दहापट ध्येय ठेवण्यात वेडेपणा काही नाही. लाखावरून सव्वा लाखावर जायचं ठरवलं, की माणूस आहे त्याच पद्धतीने जरा जास्त राबतो. दहा लाख ठरवले, की पद्धतच बदलावी लागते आणि ते बरंच असतं. गोची दुसरीकडे होते. सगळा मोठेपणा यंत्र, गाळा आणि लोगोवर खर्च होतो. भाव, उधारी आणि दुकानदाराची दुसरी ऑर्डर यांचा विचार मात्र घरगुतीच राहतो.

ध्येय रुपयांत सांगून थांबणं

"महिन्याला दहा लाख" या वाक्यावर उद्या सकाळी काय करायचं ते कळत नाही. त्याचे पाऊच करा, पाऊचची दुकानं करा.

२०० ग्रॅमच्या पाऊचवर छापील किंमत १२० रुपये आहे आणि सगळे कमिशन वजा जाता तुमच्या हातात ८४ रुपये येतात असं धरा (ते कसे, ते पुढे). दहा लाखांना ८४ ने भागलं की महिन्याला सुमारे ११,९०० पाऊच. मध्यम किराणा दुकानात नव्या नावाचे महिन्याला १५ पाऊच खपले, तर दुकानं लागतात जवळजवळ ८००. दर पंधरवड्याला प्रत्येक दुकानात एक फेरी, म्हणजे कामाच्या १२ दिवसांत ८०० दुकानं, दिवसाला ६५-७०. एक सेल्समन दिवसाला तीस-पस्तीस दुकानं नीट करतो. म्हणजे दोन सेल्समन आणि त्यांचा ठरलेला रूट. आता स्वप्नाला पत्ता मिळाला.

ही ८०० दुकानं कुठली, हा त्यापुढचा प्रश्न, आणि इथेच बरेच जण घसरतात. कराडमध्ये ४०, पुण्यात ६०, ठाण्यात ३०, नागपुरात एक ओळखीचा स्टॉकिस्ट अशी पांगापांग झाली, की फेरी परवडत नाही. फेरी चुकली की फळीवरची जागा जाते. सातारा, कराड, इस्लामपूर, सांगली असा सलग पट्टा घ्या आणि तिथली दुकानं पुरी करा. "ऑल इंडिया ब्रँड" हे शब्द व्हिजिटिंग कार्डावर छापायला काही लागत नाही, गाडीला डिझेल लागतं.

घरच्या नफ्यावरून बाजाराचा भाव ठरवणं

सगळ्यात जास्त धंदे या चुकीने बसतात, तेव्हा हे सावकाश वाचा. घरून थेट विकताना हिशेब असा असतो: कच्चा माल ५० रुपये, पाऊच, लेबल आणि खोका ६ रुपये, एकूण ५६. विक्री १२०. "निम्म्याहून जास्त सुटतात की!" स्वतःची मजुरी, वहिनींची मजुरी, गॅस, दुकानापर्यंतचा स्कूटरचा फेरा यात कुठेच नाही. ते ओळीत घाला: भाजणी-दळण-भरणीची मजुरी आणि इंधन ११, वाहतूक ५. खरा खर्च ७२.

आता बाजारातून जा. छापील १२० मधून दुकानदाराचे २० टक्के, म्हणजे २४ गेले, उरले ९६. त्यावर डिस्ट्रिब्युटरचे ८ टक्के, पावणेआठ रुपये. उरले साधारण ८८. मसाल्यावरचा ५ टक्के जीएसटी या ८८ च्या पोटातच आहे. तो काढला की तुमचे ८४. खर्च ७२, सुटले १२. तोवर डिस्ट्रिब्युटर म्हणतो, "दहावर एक फ्री द्या, मग माल हलतो." अकरा पाऊचचा खर्च ७९२, पैसे दहाचेच, ८४०. पाऊचमागे सुटतात साडेचार रुपये. सेल्समनचा पगार, परत आलेला माल आणि बँकेचं व्याज यातूनच द्यायचं आहे.

उपाय छापील किंमत ठरवण्यापूर्वीच करायचा असतो. वरून खाली न येता खालून वर जा: खरा खर्च, त्यावर किमान २५ टक्के तुमचे, मग जीएसटी, मग डिस्ट्रिब्युटर, मग दुकानदार. उदाहरणातला आकडा १३० च्या जवळ जातो, आणि कायमची स्कीम द्यायची असेल तर १४० च्याही पुढे. बाजारात तो भाव बसत नसेल तर पाऊच १०० ग्रॅमचा करा, खर्च कमी करा किंवा वर्षभर थेट विक्रीवरच थांबा. तोट्याच्या भावाने खप वाढवला तर तोटाही दहापट होतो.

आधी यंत्र, मग ऑर्डर

११,९०० पाऊच म्हणजे २,३८० किलो मसाला. महिन्याचे कामाचे दिवस २५ धरले तर दिवसाला ९५ किलो. तासाला ४०-५० किलो दळणारा पल्वरायझर दोन-अडीच तासांत मोकळा होतो. भरायचे दिवसाला ४७६ पाऊच. मिनिटाला २५ पाऊच भरणारं स्वयंचलित यंत्र घेतलंत, तर ते वीस मिनिटं चालून दिवसभर धूळ खाईल, हप्ता मात्र महिनाभराचा. वजनकाटा, बँड सीलर आणि दोन माणसं यांत हे काम होतं.

अडतं कुठे? निवडण्यात आणि भाजण्यात. धणे, तीळ, दगडफूल, नागकेशर यांतली माती-काडी काढायला आणि प्रत्येक जिन्नस वेगळा भाजायला वेळ जातो. म्हणून पैसे घालायचे तर आधी चाळणीवर आणि फिरत्या भाजणी ड्रमवर घाला. कोटेशन मागवण्याआधी आठवडाभर वही ठेवा: कुठल्या कामाला किती माणूस-तास लागले. ज्या कामापुढे माल साचून राहतो, तिथलं यंत्र पहिलं.

हाताचा अंदाज मोठ्या कढईत

दोन किलोला जमलेली चव वीस किलोला जमत नाही, कारण मोठ्या भांड्यात तळाचं जळतं आणि वरचं कच्चं राहतं. "मूठभर", "तांबूस होईपर्यंत" हे शब्द पाककृतीतून काढा. प्रत्येक जिन्नस ग्रॅममध्ये, एका घाण्याचं वजन ठरलेलं, भाजण्याची मिनिटं लिहिलेली, आणि प्रत्येक घाण्याला बॅच नंबर. प्रत्येक बॅचचा १०० ग्रॅम नमुना पाकिटाची मुदत संपेपर्यंत जपून ठेवा. तक्रार आली की तोच उघडायचा. निवडताना, भाजताना, दळताना वजन किती घटतं तेही मोजा. ती घट कच्च्या मालाच्या भावात धरली नाही, तर वरचा ५० चा आकडाच खोटा ठरतो.

गोड्या मसाल्याचं खास दुखणं म्हणजे सुकं खोबरं आणि तीळ. त्यांतलं तेल हवा लागून खवट होतं. घरी विकताना माल पंधरा दिवसांत संपतो म्हणून हे कळत नाही. दुकानाच्या फळीवर तीन महिन्यांनी कळतं. साधी पारदर्शक पिशवी सोडून फॉइलचा थर असलेला पाऊच घ्या, दळलेला मसाला पूर्ण गार झाल्याशिवाय भरू नका आणि मुदत छापण्याआधी प्रयोगशाळेतून तपासून घ्या.

माणसं वाढवूनही चव एक ठेवण्याचा मार्ग आपल्याकडे लिज्जतने दाखवून दिला आहे. १९५९ मध्ये गिरगावात सात बायकांनी ८० रुपये उसने घेऊन सुरू केलेल्या या कामात पापड घरोघरी लाटले जातात, पण पीठ केंद्रावरच मळलं जातं आणि लाटून आलेला पापड तिथेच तपासून, वजन करून घेतला जातो. चव ज्या टप्प्यावर ठरते तो टप्पा एका जागी ठेवायचा, हातांचं काम वाटून द्यायचं. मसाल्यात तो टप्पा भाजणीचा आणि मिश्रणाचा. निवडणं आणि लेबल लावणं खुशाल बाहेर द्या.

नफा दिसतो, पैसा दिसत नाही

दहापट विक्रीला दहापट खेळतं भांडवल लागतं, हे बहुतेकांना तिसऱ्या महिन्यात समजतं. दिवस मोजा: कच्चा माल ४५ दिवसांचा, तयार माल १५ दिवसांचा, बाजारात उधारी ४५ दिवसांची. एकूण १०५. तुम्हाला व्यापाऱ्याकडून १५ दिवसांची उधारी मिळते ती वजा करा: ९० दिवस. महिन्याचा खर्च साडेआठ लाख, तेव्हा पंचवीस-सव्वीस लाख रुपये कायम अडकलेले राहणार. मिरचीही लागणारा धंदा असेल तर आकडा आणखी फुगतो, कारण फेब्रुवारी ते एप्रिल या हंगामातच वर्षाची खरेदी करावी लागते.

बँकेत हाच हिशेब रिझर्व्ह बँकेच्या नायक समितीने घालून दिलेल्या पद्धतीने होतो. पाच कोटींपर्यंतच्या उलाढालीला खेळत्या भांडवलाची गरज अंदाजित वार्षिक उलाढालीच्या २५ टक्के धरतात; त्यातले २० टक्के बँक देते, ५ टक्के तुम्ही घालायचे. वर्षाला १ कोटी २० लाखांची उलाढाल, म्हणजे बँकेची २४ लाखांची सीसी (कॅश क्रेडिट, लागतील तसे काढायचे आणि भरायचे कर्ज) लिमिट आणि तुमचे ६ लाख. हे ६ लाख आधी तयार हवेत. हाताशी असलेले सगळे पैसे यंत्राच्या मार्जिनला (कर्जाखेरीज स्वतः भरायच्या हिश्शाला) घालून मग लिमिट मागायला जाणं, ही या प्रकरणातली नेहमीची चूक. उलटी चूकही तितकीच वाईट: सीसीतून यंत्र घेणं. यंत्र टर्म लोनमधून (ठरलेल्या हप्त्यांच्या मुदत कर्जातून), माल आणि उधारी सीसीतून. ही सरमिसळ झाली की मिरचीच्या हंगामात खातं कोरडं असतं.

अनुदानाच्या योजना पाहाव्यात, पण अनुदान धरून गणित बसवू नये. सूक्ष्म अन्नप्रक्रिया उद्योगांसाठी २०२० मध्ये आलेल्या केंद्राच्या पीएमएफएमई योजनेत प्रकल्पखर्चाच्या ३५ टक्के, जास्तीत जास्त १० लाख, असं कर्जाशी जोडलेलं अनुदान ठेवलं होतं. असं अनुदान कर्जखात्याच्या बाजूला पडून राहतं. खिशात रोकड म्हणून येत नाही.

एकच मोठं गिऱ्हाईक

मॉलच्या साखळीची ऑर्डर आली की घरात पेढे वाटले जातात. आधी करार वाचा: न खपलेला माल परत कोणाच्या खर्चाने, फळीच्या जागेचं शुल्क किती, पैसे किती दिवसांनी. एका गिऱ्हाइकाचा वाटा विक्रीच्या २५-३० टक्क्यांवर जाऊ देऊ नका.

कायदा तुमच्या बाजूला आहे, पण तयारी आधीची लागते. २००६ च्या एमएसएमई कायद्याप्रमाणे सूक्ष्म आणि लघु उत्पादकाचे पैसे लेखी करार असला तरी ४५ दिवसांत, करार नसेल तर १५ दिवसांत द्यायला हवेत. उशिराला रिझर्व्ह बँकेच्या 'बँक रेट'च्या तिप्पट चक्रवाढ व्याज आहे. शिवाय प्राप्तिकराच्या ४३बी(एच) कलमामुळे २०२३-२४ पासून थकवलेली रक्कम खरेदीदाराला त्या वर्षीचा खर्च म्हणून दाखवता येईना. यासाठी उद्यम नोंदणी (छोट्या उद्योगांची सरकारी नोंदणी) माल पाठवण्याआधीची हवी. ती फुकट होते, एजंटला पैसे देऊ नका. नोंदणी क्रमांक प्रत्येक बिलावर छापा. समोरच्या अकाउंटंटला तो दिसला की बरंच काम न बोलता होतं.

छोट्या वाटणाऱ्या, महागात पडणाऱ्या

"गावरान", "घरगुती", "अस्सल" अशा वर्णनाच्या शब्दांवर ट्रेडमार्क मिळणं कठीण. मसाल्यासाठी वर्ग ३० मध्ये आधी शोध घ्या, अर्ज करा (व्यक्ती आणि छोट्या उद्योगांना ऑनलाइन ४,५०० रुपये), मगच छपाईचे सिलिंडर बनवा. तोवर साधा पाऊच आणि स्टिकर.

जीएसटीची कंपोझिशन योजना (छोट्या धंद्याने उलाढालीवर ठरावीक टक्के कर भरायचा) स्वस्त वाटते, पण त्यात राज्याबाहेर माल विकता येत नाही आणि डिस्ट्रिब्युटरला कराची वजावट मिळत नाही. सावंतवाडीहून म्हापशाला पाठवलेलं खोकंही राज्याबाहेरचंच.

आणि घरखर्च. स्वतःचा महिन्याचा ठरावीक पगार काढा, सहा महिन्यांचा घरखर्च वेगळ्या ठेवीत ठेवा, ती ठेव धंद्याला तारण देऊ नका. तारणाशिवाय कर्जासाठी बँकेला सीजीटीएमएसई या छोट्या उद्योगांच्या कर्जाला हमी देणाऱ्या सरकारी ट्रस्टच्या हमीबद्दल विचारा. राहतं घर गहाण टाकणं हा पहिला पर्याय नसावा.

बिघाड झालाच तर

पहिली ऑर्डर येते, दुसरी येत नाही: माल दुकानात गेला, पण घरात गेला नाही. वीस दुकानांत जाऊन फळीवरचे पाऊच मोजा. तसेच पडून असतील तर भाव किंवा चव तपासा. संपलेले असतील तर सेल्समनची फेरी चुकते आहे. या दोन्हींवर जाहिरात हा उपाय नाही.

विक्री वाढतेय आणि खातं रिकामं आहे: उधारीचे दिवस, साठ्याचे दिवस आणि घरासाठी काढलेली रक्कम हे तीन आकडे मागच्या सहा महिन्यांचे शेजारी शेजारी लिहा. जो वाढला असेल तिथे गळती.

खप तोच, पण नफा घटला: बहुतेक वेळा धणे किंवा खोबऱ्याचा भाव चढलेला असतो आणि पाऊचचा खर्च जुन्याच दराने धरलेला असतो. दर महिन्याच्या एक तारखेला खर्चाचा तक्ता नव्या भावाने भरा. खर्च ५ टक्क्यांहून जास्त चढला तर आधी स्कीम बंद करा, किंमत पुढच्या छपाईला बदला.

उधारी वाढतच जाते: दुकानवार यादी काढा, ६० दिवसांवरची नावं वेगळी करा. त्या दुकानांना जुनं बिल चुकतं होईपर्यंत नवा माल रोखीनेच.