सेल्फ पोर्ट्रेट करायला घेताय? आधी फोन बाजूला ठेवा

यंदा बडोद्याला पेंटिंगला अॅडमिशन मिळालेली दोनतीन मुलं विचारत होती की आयडेंटिटीवर, म्हणजे 'मी कोण' यावर काम करायचंय तर सुरुवात कुठून करू, म्हणून माझं कसं झालं ते लिहिते.

मी पहिल्या वर्षी सरळ सेल्फी काढला आणि त्यावरून रंगवलं. चेहरा जुळला पण चित्र मेलेलं, कारण फोनने जे आधीच ठरवून टाकलं होतं तेच मी उतरवत बसले होते. मग आईच्या कपाटाचा आरसा काढून खिडकीशी लावला. तुम्हीही हे कराच, एक डोळा मिटा, डोकं हलवू नका आणि साबणाच्या वडीने आरशावरच आपल्या चेहऱ्याची कड काढा. ती बरोबर निम्म्या मापाची येते, लांब जा नाहीतर जवळ या, निम्मीच. मी तीनदा पट्टीने मोजलं! रोज बघतो तो चेहराही आपल्याला नीट माहीत नसतो हे त्या दिवशी कळलं आणि तिथून खरं काम सुरू झालं. चित्र पूर्ण झाल्यावर आई म्हणाली, अगं तीळ चुकीच्या गालावर काढलास. तीळ बरोबर होता, पण आरशातली मी फक्त मलाच दिसते, तिला दिसते ती दुसरी.

मग सरांनी चित्र बघून एवढंच विचारलं की ही तू आहेस ठीक आहे, पण राहतेस कुठे? मी गप्प. आमचं घर बडोद्याच्या दांडिया बाजारात, चार पिढ्या इथेच, घरात मराठी आणि जिना उतरलं की गुजराती, पुण्याला गेलं की माझ्या बोलण्यातला "चल ने" ऐकून सगळे वळून बघतात. हे काहीच चित्रात नव्हतं. पुढच्या चित्रात चेहरा कोपऱ्यात गेला आणि मधे आला आमचा जिना, त्याच्या कठड्यावर वाळत घातलेली आजीची नऊवारी आणि खाली गुजराती पाटी.

बघायचं म्हणाल तर आधी चित्रकार भूपेन खख्खर बघा. पेशाने चार्टर्ड अकाउंटंट, १९६२ मध्ये बडोद्याला आले आणि इथलेच झाले. त्यांच्या १९८१ च्या 'यू कान्ट प्लीज ऑल' मध्ये घराच्या बाल्कनीत एक नागडा माणूस पाठमोरा उभा आहे, खाली बापलेक आणि गाढवाची गोष्ट चाललीय, तोंड जेमतेम दिसतं तरी ते स्वतःबद्दलचं, आपण समलिंगी आहोत हे सांगणारं चित्र आहे. अमृता शेरगिलने १९३४ मध्ये स्वतःला ताहिती बेटावरची बाई म्हणून रंगवलं, आई हंगेरियन, वडील शीख, राहायला पॅरिसमध्ये, आणि अंगावर घेतलं ताहितीच्या बायका रंगवणाऱ्या फ्रेंच चित्रकार गोगँच्या चित्रांतलं तिसरंच शरीर. पुष्पमाला एन. इथेच शिल्पकला शिकल्या, नंतर रविवर्म्याच्या चित्रांतल्या बायका स्वतः सजून फोटोत उभ्या केल्या. ते फोटो बघून मग लक्ष्मी विलास राजवाड्यातले मूळ रविवर्मा बघायला जा, नजरच बदलते. मला तर आमच्या देवघरातली लक्ष्मीची तसबीर कुणीतरी पोज देऊन बसल्यासारखी दिसायला लागली.

थिअरी वाचा, पण नंतर. आधी महिनाभर रोज अर्धा तास आरसा, चारकोल आणि साधा न्यूजप्रिंट कागद, आणि जमलं नाही ते कागदही फाडू नका, तारीख घालून ठेवा. माझा विसाव्या दिवसाचा कागद अजून भिंतीवर आहे, त्यात नाक वाकडं आलंय पण डोळे अगदी आजीचे आलेत.