प्रयोगशाळेतून महापालिकेत: शास्त्रज्ञाने नगरसेवकपदाची तयारी कशी करावी

पेशींच्या अभ्यासावर आधुनिक विकृतिविज्ञान, म्हणजे रोगामुळे शरीरात होणाऱ्या बदलांचे शास्त्र, उभे करणारे रूडोल्फ फिरखो 1859 मध्ये बर्लिनच्या नगरसभेवर निवडून गेले आणि 1902 मध्ये मृत्यू येईपर्यंत, म्हणजे चाळीसहून अधिक वर्षे, तिचे सभासद राहिले. दरम्यान ते प्रशियाच्या विधिमंडळात आणि राइशस्टाग या जर्मन संसदेतही बसले, प्रशियाचे पंतप्रधान बिस्मार्क यांच्याशी त्यांचे खटकेही उडाले. तरी सामान्य बर्लिनकराचे जगणे ज्याने बदलले ते काम नगरसभेतले, भुयारी गटारांचे होते. संशोधन सोडून नगरसेवक होऊ पाहणाऱ्याने ही कारकीर्द अवश्य अभ्यासावी, मात्र एका बाबतीत तिचे अनुकरण करता येणार नाही. फिरखो प्राध्यापकपद सांभाळून राजकारण करत होते. आपल्याकडे सरकारी शास्त्रज्ञाला तशी मुभा नाही.

म्हणून पहिले काम सेवानियम वाचण्याचे. केंद्रीय नागरी सेवा (वर्तणूक) नियम, 1964 मधील पाचवा नियम कर्मचाऱ्याला राजकीय पक्षात काम करण्यास आणि निवडणूक लढवण्यास मनाई करतो, आणि पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेसारख्या सीएसआयआरच्या (वैज्ञानिक व औद्योगिक संशोधन परिषदेच्या) संस्थांतही तो लागू आहे. सर्वसाधारणपणे 20 वर्षांची अर्हताकारी (निवृत्तिवेतनासाठी धरली जाणारी) सेवा झाली असल्यास तीन महिन्यांची नोटीस देऊन स्वेच्छानिवृत्ती घेता येते. त्याआधी निघायचे तर बहुधा राजीनामाच द्यावा लागतो. कार्यमुक्तीचा लेखी आदेश हाती पडल्याशिवाय उमेदवारी अर्ज भरू नये. निवडणूक जाहीर झाल्यावर धावपळ सुरू करणाऱ्याची गाठ छाननीच्या टेबलाशी पडते, आणि तेथे कोणाची विद्वत्ता विचारात घेतली जात नाही.

वयाची 21 वर्षे पूर्ण असणे, शहराच्या मतदारयादीत नाव असणे, राखीव जागेसाठी जातवैधतेची कागदपत्रे आणि अपत्यांच्या संख्येची अट या गोष्टी सर्वांनाच ठाऊक असतात. शास्त्रज्ञाच्या बाबतीत निसटते ती अट हितसंबंधांची. महापालिकेशी झालेल्या करारात प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष वाटा असणारी व्यक्ती महाराष्ट्रातील महापालिका कायद्यानुसार अपात्र ठरते. निवृत्तीनंतर सुरू केलेली पाणीतपासणीची प्रयोगशाळा महापालिकेचे नमुने कंत्राटाने तपासत असेल, किंवा सल्लागार म्हणून एखाद्या प्रकल्प अहवालात आपली भागीदारी असेल, तर तो व्यवहार वेळेत संपवून हिशेब पूर्ण करावा आणि वकिलाचा लेखी अभिप्राय घ्यावा.

यानंतर विषय निवडावा, आणि तो एकच असावा. सर्व विषयांवर बोलू शकणारे नगरसेवक सभागृहात पुष्कळ असतात. बर्लिनमध्ये मैला गाड्यांनी वाहून न्यावा की गटारांतून, हा वाद होता. फिरखो यांच्या समितीने मृत्यूंची आकडेवारी, भूजल आणि खर्च यांची वर्षानुवर्षे छाननी केली, शेतात सांडपाणी सोडून प्रयोगही करून पाहिले, आणि मग अभियंता जेम्स होब्रेख्त यांच्या योजनेमागे सभागृहाचे बहुमत उभे राहिले. 1873 मध्ये काम सुरू झाले. शहराचे विभाग पाडून प्रत्येक विभागातील सांडपाणी पंपाने शहराबाहेरच्या शेतांत नेण्याची ती व्यवस्था होती.

आपल्या प्रभागात असा अभ्यास निवडणुकीच्या बराच आधी सुरू करता येतो. उदाहरणार्थ, मैलापाणी शुद्धीकरण प्रकल्पाचे मासिक अहवाल माहिती अधिकारात मागवावेत. प्रक्रियेनंतरच्या पाण्यातील बीओडीचा (सेंद्रिय घाण कुजवताना जंतूंना लागणाऱ्या प्राणवायूचा) आकडा पावसाळ्यात आणि उन्हाळ्यात तोच राहिला असेल, तर ज्याने आयुष्यभर उपकरणांची नोंदवही सांभाळली आहे त्याला संशय यायलाच हवा. अशा वेळी पाण्याचे नमुने घेण्याआधी त्याच महिन्यांची वीजदेयके मागवावीत. हवा पुरवणारे ब्लोअर बहुतेक प्रकल्पांत विजेचा मोठा वाटा खातात. ते बंद राहिले असतील तर युनिटांचा आकडा घसरलेला दिसतो, आणि असे देयक पुढे ठेवल्यावर अधिकाऱ्याला आढेवेढे घेणे कठीण जाते.

प्रचारात मात्र बीओडी हा शब्दही काढू नये. मतदार विचारतो ते तिसऱ्या मजल्यावर पाणी का चढत नाही आणि चेंबर कधी उपसणार, आणि ते विचारणे अगदी रास्त आहे. मुंबईतील 227 प्रभागांत प्रत्येकी एकच नगरसेवक असतो; महाराष्ट्रातील इतर महापालिकांत प्रभाग बहुसदस्यीय असल्याने अपक्षाला एवढा मोठा परिसर एकट्याने पिंजून काढणे जड जाते. पक्षात जायचे तर पक्षादेश मोडल्यास 1986 च्या पक्षांतरबंदी कायद्याने सदस्यत्व जाऊ शकते, हे ध्यानात ठेवूनच जावे. स्वीकृत, म्हणजे निवडणूक न लढवता नेमलेल्या, नगरसेवकपदाचा मार्ग अभ्यासकांना सोयीचा वाटतो. पण या सदस्याला सभेत मतदानाचा हक्क नसतो, म्हणून तो मी दुय्यम मानतो.

निवडून आल्यावर भाषणांपेक्षा विषयपत्रिकेवर वेळ घालवावा. कार्यकारी अधिकार आयुक्तांकडे असतात; नगरसेवकाच्या हाती प्रश्न, उपसूचना आणि अंदाजपत्रक. पुण्यात नगरसेवकांच्या कामांची 'स' यादी असते, आणि तीत बाकडी व नामफलक सहज शिरतात. तेथे जलमापक बसवण्याचे काम घालायचे असेल, तर कनिष्ठ अभियंत्याबरोबर जागेवर जाऊन पूर्वगणनपत्रक (खर्चाचा अंदाज) आधीच करून घ्यावे, कारण रकमेशिवाय मांडलेली सूचना बहुधा दफ्तरी दाखल होते. स्थायी समितीत स्थान मिळाले तर निविदेतील तांत्रिक अटी स्वतः वाचाव्यात. एखादी अट एकाच पुरवठादाराला बसेल अशी बेतलेली असते, आणि प्रयोगशाळेसाठी उपकरणे खरेदी केलेल्या माणसाला ती इतरांआधी दिसते. विषय आपल्या जुन्या संस्थेशी संबंधित असेल तेव्हा तसे आधी सांगून चर्चेतून व मतदानातून बाजूला राहावे.

मुदत पाच वर्षांची असते आणि पुढच्या आरक्षण सोडतीत आपली जागा आरक्षित होऊ शकते. तेव्हा मिळवलेले अहवाल, देयके आणि ठरावांचे क्रमांक तारखेनुसार लावून त्यांच्या प्रती प्रभागातील एखाद्या नागरिक मंडळाकडे आधीपासूनच देत जाव्यात.