जादूचं खनिज रचायचं तर आधी खाण बघा

आपल्याकडं फँटसी लिहिणारी, टेबलावर फासे टाकून गेम चालवणारी पोरं वाढायला लागलीत, लय भारी वाटतं. पण प्रत्येकाच्या जगात एक चमकणारा निळा दगड असतोयच, हिरोनं हातात घेतला की पॉवर येते, विषय संपला. कुठनं आला, कुणी खणला, एवढा दुर्मिळ का, असं विचारलं की "जादू हाय रे" म्हणून मोकळे. म्हणून माझी पद्धत सांगतो, आणि नुसती हवेत चर्चा नको म्हणून एकच खनिज घेऊन शेवटपर्यंत जाऊया.

पॉवर नंतर ठरवा, आधी तो कुठल्या दगडात मिळतो ते ठरवा. कोल्हापूरकराला हे अवघड नाही, पन्हाळा चढताना डोळे उघडे ठेवले तरी निम्मं काम झालं, वर तांबडा जांभा आणि त्याच्या खाली काळा बसाल्ट. हा काळा दगड म्हणजे साधारण 6.6 कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा, तो थंड होताना आत वायूचे बुडबुडे अडकून पोकळ्या राहिल्या आणि मागनं त्यात खनिजं विरघळलेलं पाणी झिरपून स्फटिक धरले. विहिरीच्या नाहीतर रस्त्याच्या कामाला फोडलेला दगड कुठं पडला असला तर जरा उलटापालटा करून बघा, काळ्यात पांढरे ठिपके दिसतात, त्यातले बरेच झिओलाइट नावाच्या खनिजांचे असतात. पुण्याजवळ वाघोलीच्या खाणीत तर कॅव्हानसाइट नावाचं खनिज मिळालं, व्हॅनेडियममुळं कडक निळं झालेलं, जगात अगदी मोजक्या ठिकाणी सापडणारं, आणि ते मिळालं कुठं तर बांधकामाचा दगड काढायच्या खाणीत! मग तुमच्या जगात ड्रॅगनच्या गुहेचाच हट्ट कशाला?

आता खरा एक गुण उचला आणि त्यातली एकच गोष्ट बदला. एकच हं, दहा बदलल्या की पचत नाही. झिओलाइट तापवलं की आतलं पाणी सोडतं आणि गार झाल्यावर हवेतली ओल परत धरतं, सांगाडा तसाच राहतो. मी पाण्याच्या जागी आवाज ठेवला. झाला बोलखडा. पोकळी फुटून उघड्यावर आला की जो पहिला आवाज कानी पडेल तो धरतो, निखाऱ्यावर शेकला की तो आवाज सोडतो. मग परत भरता येतो, पण जुन्या आवाजाची बारीक कुजबुज तळाशी राहते ती राहतेच.

दुर्मिळपणा इथनं येतो बघा. बोलखडे माझ्या जगात डोंगरभर आहेत, पण घणाचा पहिला घाव बसला की खडा त्या "ठण्ण" आवाजानं भरला, म्हणजे उष्टा झाला. उष्टे खडे बाजारात टोपलीनं मिळतात, पोरंपोरी एकमेकांना निरोप पाठवायला घेतात. पण राजाचा तह, कोर्टातली साक्ष, मरणाऱ्याचं इच्छापत्र कोऱ्या खड्यातच चालतं, कारण मागं दुसरा आवाज असला तर समोरचा वकील सोडतोय होय. आणि कोरा खडा काढायचा म्हणजे दगड आवाज न करता फोडायचा. यालाही खरी जुनी पद्धत आहे, भोकं पाडून त्यात कोरड्या लाकडाच्या पाचरी बसवायच्या आणि पाणी घालत राहायचं, लाकूड फुगतं आणि दगड उकलतो. माझ्या जगात भोकं उन्हाळ्यात पाडून ठेवतात, पोकळीच्या बऱ्याच अलीकडं थांबून, आणि पाणी थंडीतल्या रात्री घालतात, वारा पडलेला असताना. कामगार अनवाणी, तोंडाला फडकं, बोलणं सगळं बोटांनी. खोकला आलेल्या माणसाला त्या रात्री मजुरी नाही. दगड उकलताना "टच्च" होतंच, म्हणून अगदी कोऱ्या खड्यातही तेवढा एक आवाज असतो, आणि पारखी तोच ऐकून ठरवतो: खडा कोमट करायचा, कानाला लावायचा, एकच टच्च आला तर माल खरा, मागं श्वास जरी ऐकू आला तरी भाव निम्म्यावर.

कडकपणा लिहून ठेवा, लोक हे विसरतात. मोहसची मोजपट्टी 1812 पासनं आहे, टाल्क 1, हिरा 10. कॅव्हानसाइट 3 ते 4 मध्ये येतं, म्हणून बोलखडाही तेवढाच धरला. म्हणजे साध्या चाकूनं चरा पडतो, तलवारीच्या मुठीत बसवायची आयडिया बाद, कापसात गुंडाळून डबीतनंच न्यायचा. एवढ्या एका आकड्यानं वाटसरू, चोर, डबी करणारे कारागीर सगळे आपोआप तयार झाले.

पैसा कुठं जातो तेपण बघा. हुपरीत चांदीची खाण नाही, तरी चांदीच्या दागिन्यांचं नाव हुपरीचं. तसंच खाणीचं गाव गरीब ठेवा आणि पारख्यांची पेठ श्रीमंत, गोष्टीला भांडण आयतं मिळतंय.

भाव कशानं कोसळेल हेही आधीच ठरवा. राधानगरी, शाहूवाडीकडं बॉक्साइट आहे, त्यातनं ॲल्युमिनियम निघतं. हा धातू एकोणिसाव्या शतकात एकेकाळी सोन्याच्या वरच्या भावानं विकला जायचा, 1886 मध्ये विजेनं काढायची रीत सापडली आणि तो पार स्वयंपाकघरातल्या पातेल्यापर्यंत खाली आला. उद्या माझ्या जगात कुणाला उष्टा खडा धुवून कोरा करायची युक्ती सापडली तर पारख्यांची पेठ त्याला जिवंत ठेवेल का? हा प्रश्न मी मुद्दाम उघडा सोडलाय, खेळणाऱ्यांसाठी.

शेवटी खनिज मित्रांच्या हातात द्या आणि सांगा, यातनं पळवाट काढा. आमच्यातल्या एकानं लगेच काढली, शत्रूच्या खाणीवर सैन्य कशाला पाठवायचं, दोन हलगीवाले पाठवा, रात्रभर वाजवू देत, सगळा माल उष्टा! नाद खुळा. मग मला नियम घालावा लागला की बंद पोकळीतल्या खड्याला बाहेरचा आवाज दोन हात दगडापलीकडनं पोचत नाही. हलगीवाले तरीही ठेवलेत, उघड्या पडलेल्या खाणीवर ते चालतात.