खाली आणलेले पॉड पुन्हा उगवतात तेव्हा

शनिवारची रात्र, महापेचं ऑफिस. डेटाबेस अपग्रेडसाठी कुबरनेटीसवरची (कंटेनरमधली अ‍ॅप्स चालवणारी यंत्रणा) सर्व्हिस 6 पॉडवरून, म्हणजे अ‍ॅपच्या 6 चालत्या प्रतींवरून, 1 वर आणली. चहा ओततोय तोवर पुन्हा 3! शेजारच्याला उगाच झापलं. चोर निघाला ऑटोस्केलर, म्हणजे लोड बघून पॉडची संख्या आपोआप कमी-जास्त करणारा भाग. डीफॉल्टने तो दर 15 सेकंदांनी डोकावतो; किमान आकडा 3 दिलेला असेल तर 1 खपवून घेत नाही. मग सरळ रेप्लिका (पॉडची संख्या) 0 केल्या. शून्यावर तो गप्प बसतो. पण काम आटोपल्यावर आपणहून उठतही नाही, आकडा हातानेच द्यावा लागतो. जुना 6 मी वडापावच्या कागदावर लिहून ठेवला होता, म्हणून निभावलं. क्रॉनजॉब (ठरल्या वेळी आपोआप चालणारी कामं) मात्र विसरलो आणि 2 वाजता एक धावलाच. आता आधी तेच सस्पेंड करतो.