निवड यादीत नाव आहे, पण नियुक्ती आदेश येत नाही: काय करता येतं?

आधी कटू भाग. निवड यादीत नाव लागलं म्हणजे नोकरी मिळालीच, असं कायदा मानत नाही. शंकरसन दाश खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने (पाच किंवा अधिक न्यायाधीशांच्या पीठाने) 1991 सालीच सांगितलं, की जाहिरात दिली म्हणून सगळी पदं भरायला सरकार बांधील नाही. पण त्याच निकालाचा दुसरा अर्धा भाग बहुतेकांना माहीत नसतो. पदं न भरण्याचा निर्णय मनमानी असता कामा नये, त्याला प्रामाणिक कारण हवं, आणि पदं भरायची ठरली तर गुणवत्ताक्रम पाळावाच लागतो. म्हणजे तुमच्या खाली असलेल्याला आदेश मिळाला आणि तुम्हाला नाही, तर खात्याला उत्तर द्यावंच लागेल. संविधानाची कलमं 14 (कायद्यापुढे समानता) आणि 16 (सरकारी नोकरीत समान संधी) इथे कामी येतात.

म्हणून पहिलं काम म्हणजे ते कारण लेखी काढून घेणं. नियुक्ती प्राधिकाऱ्याच्या, म्हणजे नेमणुकीचा आदेश काढणाऱ्या अधिकाऱ्याच्या नावे एक पानी अर्ज करा. त्यात जाहिरात क्रमांक, पद, प्रवर्ग, यादीतला क्रमांक आणि कागदपत्र पडताळणीची तारीख लिहा. आदेश कधी मिळेल आणि उशीर कशामुळे, एवढंच विचारा. अर्ज आवक विभागात देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का व आवक क्रमांक घ्या. फोनवर मिळालेल्या ‘पुढच्या महिन्यात होईल’ला कोर्टात काडीची किंमत नसते.

सोबतच माहिती अधिकाराचा अर्ज टाका. राज्य कार्यालयासाठी 10 रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लागतो; महाराष्ट्राच्या नियमांनुसार अर्जात एकच विषय असावा आणि तो साधारण 150 शब्दांत बसावा. ‘मला नियुक्ती का दिली नाही?’ असं विचारू नका, कारण ‘का’ ही माहिती नव्हे म्हणून अर्ज परत येतो. दस्तऐवज मागा: जाहिरातीतली किती पदं भरली, किती रिक्त आहेत, किती उमेदवार रुजू झाले नाहीत, आणि तुमच्या प्रकरणाच्या नस्तीवरील (फाईलवरील) टिप्पणीची प्रत. 30 दिवसांत उत्तर नाही आलं तर पुढच्या 30 दिवसांत पहिलं अपील करा.

माणसं खरी अडकतात ती मुदतीत. राज्य सरकारी पदांचे वाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे ‘मॅट’कडे जातात, मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे त्याची पीठं आहेत. नाकारल्याच्या आदेशापासून एक वर्षात तिथे जावं लागतं. नियमानुसार अपील किंवा निवेदन दिलं आणि खातं गप्प बसलं, तर सहा महिने वाट पाहायची आणि ते संपल्यावर एक वर्षाच्या आत अर्ज करायचा. दर तीन महिन्यांनी नवं निवेदन दिल्याने घड्याळ पुन्हा शून्यावर येत नाही, सी. जेकब खटल्यात 2008 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नेमकं हेच बजावलं. शिवाय निवड यादीलाही आयुष्य असतं. ते जाहिरातीत किंवा सेवाप्रवेश नियमांत पाहा आणि यादी जिवंत असतानाच दार ठोठवा. जिल्हा परिषद, महापालिका यांच्या नोकऱ्यांसाठी मॅट नव्हे, संविधानाच्या कलम 226 खाली रिट याचिका घेऊन थेट उच्च न्यायालय. ही गल्लत झाली की महिने फुकट जातात.

प्रतीक्षा यादीचा हक्क आणखी पातळ. जाहिरातीतल्या पदावर निवडलेला उमेदवार रुजू झाला नाही तरच ती कामी येते. नंतर निर्माण झालेल्या रिक्त जागा तिच्यातून मागता येत नाहीत.

मधेच पात्रतेचे निकष बदलले तर? तेजप्रकाश पाठक प्रकरणात नोव्हेंबर 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने स्पष्ट केलं, की भरती सुरू झाल्यावर, नियमांनी किंवा जाहिरातीने मुभा दिलेली नसेल तर, निकष बदलता येत नाहीत. पण पद्धत चुकीची आहे हे ठाऊक असून परीक्षा दिली आणि नापास झाल्यावर तक्रार केली, तर न्यायालय सहसा ऐकत नाही.

चारित्र्य पडताळणीच्या साक्षांकन नमुन्यात (स्वतःची माहिती भरून द्यायच्या फॉर्ममध्ये) आपल्यावरचा गुन्हा लपवू नका, मग तो मिटलेला असो वा किरकोळ. सर्वोच्च न्यायालयाच्या अवतार सिंग निकालानुसार (2016) खरं सांगितल्यावरही खातं गुन्ह्याचं स्वरूप पाहून विचार करू शकतं, पण लपवाछपवी हाच स्वतंत्र दोष ठरतो. राखीव जागेवर असाल तर जात वैधता प्रमाणपत्राचा पाठपुरावा आजच सुरू करा. दावा अवैध ठरला की अनेक वर्षं झालेली नोकरीही जाते, आणि दीर्घ सेवेचा मुद्दा तिथे सहसा वाचवत नाही.

दुसऱ्याच कुणी निवड यादीला आव्हान दिलं असेल, तर ज्यांची निवड धोक्यात येते त्यांना पक्षकार करणं आवश्यक असतं, निदान काहींना प्रातिनिधिक म्हणून तरी. तुमचं नाव त्यात नसेल तर हस्तक्षेप अर्ज, म्हणजे ‘मलाही या खटल्यात ऐका’ असा अर्ज द्या. ‘खातं आपली बाजू मांडेलच’ यावर विसंबू नका. खात्याचं हित आणि तुमचं हित दरवेळी एक नसतं. गैरप्रकारामुळे अख्खी भरती रद्द करायची वेळ आली, तर दोषी आणि निर्दोष उमेदवार वेगळे काढता येतात का, हा कळीचा प्रश्न असतो. वेगळे काढता आले नाहीत, तर प्रामाणिक उमेदवारही त्यात भरडले जातात: एप्रिल 2025 मध्ये पश्चिम बंगालच्या शाळाभरतीतल्या सुमारे 25 हजार नियुक्त्या अशाच रद्द झाल्या. म्हणून हॉल तिकीट, उत्तरपत्रिकेची कार्बन प्रत, उत्तरतालिका आणि गुणपत्रक रुजू झाल्यावरही फेकू नका.