गेमिंगसाठी वायरलेस माउस घेताय?
मी रोज व्हॅलोरंट हा नेमबाजीचा गेम खेळतो, आणि मित्रांना माउस निवडून द्यायला मला मनापासून आवडतं. सगळ्यात आधी, फक्त ब्लूटूथवर चालणारा माउस घेऊच नका. २.४ गिगाहर्ट्झचा यूएसबी रिसीव्हर हवाच. खोक्यावर पोलिंग रेट बघा. १००० हर्ट्झ म्हणजे दर मिलिसेकंदाला माउस आपली हालचाल कळवतो. १२५ असेल तर आठ मिलिसेकंदांनी.

डीपीआयच्या (माउस थोडा हलवल्यावर कर्सर किती पळतो, त्याच्या) आकड्यांना भुलू नका, मी ८००वरच खेळतो. त्यापेक्षा दुकानात माउस हातात धरून बघा. तळवा पूर्ण टेकवायची सवय असेल तर मागून फुगीर घ्या, बोटांच्या टोकांनी धरत असाल तर छोटा आणि चपटा.

वजनाचं म्हणाल तर लॉजिटेक जी३०४ सेलसकट ९९ ग्रॅम भरतो. त्यातला अल्कलाइन डबल-ए सेल काढून लिथियमचा टाका, सात-आठ ग्रॅम लगेच कमी होतात. झटकन वळून नेम धरताना तेवढंही जाणवतं!

आणि रिसीव्हर पीसीच्या मागे खुपसू नका. यूएसबी ३.० पोर्टच्या शेजारी सिग्नलमध्ये अडथळा येतो, कर्सर अडखळतो. साध्या एक्स्टेन्शन केबलने तो माउसपॅडजवळ आणून ठेवा.